निरूने काढलेलं गाणं

"ताई, थोडं कमी कर," निरूचा आवाज हेडफोनमध्ये आला.

"कमी म्हणजे? माइकपासून लांब होऊ का?"

"नाही गं, आवाज ठीक आहे. सगळंच थोडं कमी."

मी हेडफोन मागे सरकवला आणि काचेपलीकडे पाहिलं. अंधेरीच्या त्या स्टुडिओत काचेमागे चौघं जण बसले होते. रेकॉर्डिस्ट, सिनेमाचे दिग्दर्शक उदय खांबेटे, निर्माते आहेरसाहेब आणि माझी धाकटी बहीण निरुपमा. सिनेमाचं संगीत तिचं होतं. तिचा पहिलाच सिनेमा. आणि त्यातलं एकुलतं एक गाणं मी गात होते.

"शैलजाताई, तुम्ही गा हो जशा गाताय तशा," आहेरसाहेब पुढे वाकून म्हणाले. नाशिककडचा द्राक्षबागायतदार माणूस, मोठ्या आवाजाचा आणि मोठ्या मनाचा. "कमी म्हणाल तर सिनेमात आधीच पुष्कळ आहे. अर्धा तास झाला तरी कोणी बोलत नाही त्याच्यात."

खांबेटे हसले. निरू हसली नाही. तिने हातानेच खूण केली, घे पुढचा टेक.

मी कमी केलं नाही. खरं सांगायचं तर मला कमी करायचंच नव्हतं. दोन वर्षांपूर्वी माझ्या स्वरतंतूंवर गाठी निघाल्या. ऑपरेशन झालं. मग कित्येक महिने गाणं सोडाच, बोलायचीही बंदी होती. पाटीवर लिहून मी मुकुंदला, माझ्या नवऱ्याला, भाजी काय आणायची ते सांगायचे. रिकामा वेळ जाईना म्हणून क्रोशाचं विणकाम शिकले. आवाज परत आला तोवर कार्यक्रमांचे फोन थांबले होते. भावगीतांच्या ज्या कार्यक्रमात मी मधोमध बसायचे तिथे आता दुसरी मुलगी बसत होती आणि ती चांगली गात होती, हेही मला मान्य करावं लागत होतं. कुठे भेटले की लोक आपुलकीने, मान तिरकी करून विचारायचे, "आता कसं आहे हो?" त्या प्रश्नाला तोंडी उत्तर देऊन मी थकले होते. मला गाऊन उत्तर द्यायचं होतं.

आणि निरूने बोलावलं.

निरूचं संगीत कसं असतं हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. ती मुंबईच्या एका कॉलेजात संख्याशास्त्र शिकवायची आणि उरलेल्या वेळात प्रायोगिक नाटकांना संगीत द्यायची. संगीत म्हणजे काय, तर पेटीचा एक खर्जातला सूर, त्यात मध्येच एखादा दुसरा सूर येऊन मिसळायचा, बराच वेळ तेच चालायचं, आणि कधी थांबलं ते कळायचंही नाही. एकदा एका बिस्किटाच्या जाहिरातीचं काम तिला मिळालं. तिने तीन सुरांची धून करून पाठवली. दुसऱ्या दिवशी त्यांचा फोन आला, "छान आहे मॅडम. बाकीचं कधी पाठवताय?" बाकीचं नव्हतंच. काम गेलं. ही गोष्ट तीच आम्हाला हसत हसत सांगायची. मी म्हणायचे, निरू, लोकांना थोडं तरी दे काहीतरी. ती म्हणायची, देतेय की.

पण या सिनेमात आहेरसाहेबांची अट होती, एक तरी गाणं हवं. म्हणून निरूने चाल बांधली. आणि चाल बांधायला बसल्यावर काय झालं कोण जाणे, चाल फार सुंदर झाली. माझ्या गळ्याला नेमकी बसणारी. शेवटच्या ओळीत ती वरच्या षड्जावर जाऊन थांबायची. ऑपरेशननंतर त्या जागेची मला भीती होती आणि ओढही.

चार-पाच टेक झाल्यावर रेकॉर्डिस्ट म्हणाला, एसीची घरघर येतेय. एसी बंद करून माणूस बोलावला. तो येईपर्यंत पुरुष मंडळी चहाला बाहेर गेली. मी आतच बसले. पिशवीतलं विणकाम काढलं आणि दोन-चार ओळी विणत बसले. अर्ध्या तासाने सगळे परत आले, आणि त्यानंतरचा पहिलाच टेक असा लागला की माझ्याच अंगावर काटा आला. वरचा षड्ज सुटला तो सरळ, कुठेही न हलता. मी तो हवा तेवढा वेळ धरला. सोडला तेव्हा काचेमागे आहेरसाहेब उभे राहून टाळ्या वाजवत होते.

"संपलं!" ते म्हणाले. "हे गाणं सिनेमा चालवणार. लिहून घ्या माझ्याकडून."

खांबेट्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. मी निरूकडे पाहिलं.

"छान झालं, ताई," ती म्हणाली.

एवढंच म्हणाली. तिचा स्वभावच तसा, असं मी पुण्याला परतताना स्वतःला सांगितलं. आणि आनंदात होते मी. खूप दिवसांनी.

त्यानंतर दोनेक महिन्यांनी, एका रविवारी सकाळी निरू न कळवता पुण्याला घरी आली. मी थालीपीठं लावत होते. मुकुंद बाजारात गेला होता. ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली, खांद्यावरची पिशवीसुद्धा खाली ठेवेना.

"बस ना. गरम घे एक."

"ताई, गाणं काढलंय."

"कुठलं? नवीन?"

"नवीन नाही. तुझं. सिनेमातून काढलंय."

माझा हात पिठातच राहिला. "आहेरसाहेबांनी?"

"नाही. मी."

मी गॅस बारीक केला. हात धुतले.

"आवाज कुठे हलला का?"

"नाही गं! कुठेच नाही."

"मग?"

"इतका चांगला लागलाय, तीच अडचण आहे." ती शेवटी खुर्चीवर बसली. "बघ, सिनेमातली ती बाई एसटी स्टँडच्या कँटीनमध्ये काम करते. मुलगी शिकायला लांब निघाली. बस सुटते. बाई कँटीनमध्ये परत येते आणि टेबल पुसायला लागते. दुसरं काही करत नाही. तिथे तुझं गाणं सुरू होतं. मी महिनाभर ते परत परत बघितलं. गाणं सुरू झालं की बाईकडे कोणी बघत नाही. मीसुद्धा बघत नाही. मी तुला ऐकते."

"मग ऐकू दे की लोकांना! त्यात वाईट काय झालं?"

"सिनेमा तिचा आहे, ताई."

"आणि माझं काय आहे?"

तव्यावरचं थालीपीठ करपायला लागलं होतं, वास यायला लागला. आम्ही दोघीही उठलो नाही.

"फोनवर सांगता आलं असतं," ती म्हणाली. "सांगायला नाही आले मी. विचारायला आलेय. खांबेट्यांनी माझ्यावर सोडलंय. आहेरसाहेब म्हणतात, गाणं नसेल तर दुसरा संगीतकार बघतो. परवा पुन्हा त्यांच्यासमोर बसायचंय. तू ठेव म्हणालीस तर ठेवते."

"तुला काय वाटतं?"

"काढावं."

"वेडी आहेस का तू? पहिला सिनेमा आहे. हातचा जाईल."

"गेला तर गेला. कॉलेज आहे."

तिच्या या शांतपणाचा मला लहानपणापासून राग यायचा. त्या दिवशी तो सगळा एकदम बाहेर आला. मी काय काय बोलले ते आज आठवायचं म्हटलं तरी सगळं आठवत नाही. दोन वर्षांनी कोणीतरी मला बोलावलं, असं म्हणाले. लोक काय म्हणतील ते माहीत आहे का तुला, असं म्हणाले. म्हणतील, आवाज गेला म्हणून काढलं. सख्ख्या बहिणीलासुद्धा ठेवावंसं वाटलं नाही, म्हणतील. निरू ऐकून घेत होती. बसचं तिकीट बोटांत घेऊन त्याच्या बारीक बारीक घड्या घालत होती.

"म्हणून तर म्हणतेय," ती हळू म्हणाली, "तू सांग. ठेवते."

आणि तिथे माझा मान आडवा आला. ठेव, एवढा दोन अक्षरी शब्द होता तो. पण तो म्हणणं म्हणजे धाकट्या बहिणीकडे गाणं मागून घेणं होतं.

"माझ्यासाठी म्हणून ठेवणार असशील तर नको," मी म्हणाले. "कीव म्हणून काही नकोय मला. काढ."

"कीव नाही गं ताई. मी..."

"काढ म्हटलं ना. जा आता तू. मुकुंद येईल, त्याच्यासमोर नको."

ती उठली. दारापाशी जाऊन वळली. "त्या दिवसाचं दुसरं थोडंसं काही आहे, रेकॉर्ड झालेलं. ते ठेवलं तर चालेल?"

"काय वाटेल ते ठेव," मी म्हणाले, आणि दार लावलं.

आहेरसाहेबांना तिने कसं पटवलं ते मला पुढे खांबेट्यांकडून कळलं. पटवलं नाहीच म्हणे. ती फक्त म्हणाली, "गाणं कॅसेटमध्ये ठेवा, रेडिओवर वाजवा, जाहिरातीत वाजवा, सिनेमात नको." आहेरसाहेब दोन दिवस रागावून बसले. मग म्हणाले, "द्राक्षाच्या घडातले मणी विरळ केल्याशिवाय बाकीचे फुगत नाहीत हे मला कळतं, पण पोरी, तू अख्खा घडच छाटतेस!" आणि सही केली.

झालं असं, की गाणं रेडिओवर खरंच वाजायला लागलं. कॅसेटच्या पाठीवर माझं नाव होतं. ओळखीच्यांचे फोन आले. मी "हो, हो, धन्यवाद" म्हणायचे आणि विषय बदलायचे. निरूचे फोन मुकुंद घ्यायचा. "दोघींनी मिळून मला टपालखात्यात नोकरीला लावलंय," असं तो म्हणायचा, पण मध्ये पडला नाही.

सगळ्यात मोठं संकट होतं ते आईचं. आई अकोल्याला एकटी राहायची. मुलींच्या शाळेत शिक्षिका होती, निवृत्त झाल्यावर भजनी मंडळ चालवायची. तिने कॅसेट विकत घेऊन गल्लीत वाटल्या होत्या. एका मुलीचं संगीत आणि दुसरीचं गाणं. ती म्हणे भाजीवालीलाही थांबवून ऐकवायची. सिनेमात गाणं नाही हे तिला कोणीतरी सांगायला हवं होतं. निरूने सांगितलं तर आई तिला फाडून खाईल, म्हणून मी ठरवलं, आपणच जाऊन सांगू. रागावले होते तरी तेवढं मला वाटलं.

सिनेमा अकोल्यात लागला त्याच दिवशी मी पोचले. घरात पाऊल टाकलं तर आई नारायणपेठ नेसून तयार, आणि ओसरीवर भजनी मंडळाच्या सगळ्या बायका.

"बरी वेळेवर आलीस," आई म्हणाली. "पाय धू, पोहे खा. बाराचा खेळ आहे. तिकिटं काढून झालीत."

"आई, एक सांगायचं होतं..."

"ते वाटेत सांग."

वाटेत सांगता येईना. रिक्षात माझ्या मांडीला मांडी लावून पंचफुला मावशी बसल्या होत्या. मंडळात टाळ त्यांच्याकडे असायचे आणि आवाज टाळांच्याही वर. "शैले, तुह्यं गाणं मले पाठ झालं वं," त्या म्हणाल्या, आणि त्यांनी अख्ख्या रस्त्याला ते म्हणून दाखवलं. वरच्या षड्जासकट.

थिएटर निम्मं रिकामं होतं. आमची रांग मात्र गच्च भरली होती. सिनेमा सुरू झाला. मी हात घट्ट धरून बसले होते, परीक्षेच्या निकालाला बसावं तशी. निरूने केलेलं संगीत मी प्रथमच सिनेमासकट ऐकत होते. बराच वेळ काही आलंच नाही. मग पेटीचा खालचा एक सूर आला, राहिला, गेला. पुन्हा आला तेव्हा सोबत एक चेलो होता. मी मनात चुका काढत होते. इथे जरा उचलायला हवं होतं. इथे दोन स्वर अजून हवे होते. पण काही वेळाने चुका काढायचं माझ्या ध्यानात राहिलं नाही. पडद्यावरची ती मुलगी पिशवीत चिवड्याची पुडी कोंबत होती, आणि तिची आई म्हणत होती, वरच ठेव, दबेल. मी ते बघत होते.

"आता येते का वं?" पंचफुला मावशींनी विचारलं.

"थांबा मावशी, येईल," आई म्हणाली.

पडद्यावर बस येऊन उभी होती. मुलगी चढली. खिडकीतून हात निघाला. बस सुटली. बाई थोडा वेळ रस्त्याकडे बघत राहिली, मग कँटीनमध्ये परत आली. आमच्या रांगेत हालचाल झाली, बायका सावरून बसल्या. कॅसेटमधल्या शब्दांवरून त्यांना कळलं होतं की गाणं इथेच असणार. बाईने फडकं पिळलं आणि टेबल पुसायला लागली.

काही नाही. पंख्याचा आवाज. मागे कोणीतरी कपबशा विसळतंय त्याचा आवाज. बाई पुसतेय. त्या टेबलावर चहाचा एक गोल डाग होता, तो निघत नव्हता, आणि ती तोच घासत होती. तिच्या चेहऱ्यावर काही दिसत नव्हतं आणि मला तिच्याकडे बघवत नव्हतं.

तेवढ्यात आमच्या रांगेत कोणीतरी गुणगुणायला लागलं.

मला संताप आला. इतकी शांतता, आणि कोणाला सुचलं हे! पंचफुला मावशीच असणार, असं वाटून मी पुढे वाकून बघायला गेले. तर आईने माझ्या दंडाला बारीक चिमटा काढला.

"शैला, गुणगुणू नको," ती कुजबुजली. "लोक ऐकतायत."

"मी कुठे?"

"मग कोण?"

गुणगुणणं चालूच होतं. माझं तोंड मिटलेलं होतं. आईने माझ्या ओठांकडे पाहिलं, मग पडद्याकडे, मग पुन्हा माझ्याकडे.

तो आवाज माझा होता. गाणं नव्हतं ते. शब्द नव्हते, चालही नव्हती. तीन-चार सूर, खाली जाणारे, पुन्हा वर येणारे, मध्येच विसरलेले, पुन्हा धरलेले. हातात काम असलं आणि मन दुसरीकडे असलं की बायका गुणगुणतात तसं. आवाजाला किंचित खरखर होती. पडद्यावर बाई पुसत होती, आणि ते गुणगुणणं तिचंच आहे असं वाटत होतं, तिला कळतही नाहीये की ती गुणगुणतेय. मग कोणीतरी गिऱ्हाईक आलं, म्हणालं, एक चहा. गुणगुणणं मध्येच तुटलं. बाई म्हणाली, बसा. आणि चहा ठेवायला वळली.

आईने माझा दंड सोडला नव्हता. चिमट्याचा हात तसाच राहिला, फक्त आता त्या हाताने मला धरलेलं होतं.

खेळ सुटला. बाहेर ऊन मी म्हणत होतं. बायका एकमेकींकडे बघत होत्या, पहिल्यांदा कोण बोलतं याची वाट बघत. अर्थात पंचफुला मावशीच बोलल्या.

"अवं, गाणं तं आलंच नाई! कॅसेटीत होतं, इथी कुठी गेलं?"

"सिनेमात घेतलं नाही," आई म्हणाली.

"काऊन?"

आईने डोक्यावरचा पदर सारखा केला.

"ती बाई कामात होती ना," ती म्हणाली.

मावशींनी जरा विचार केला. "हे बी खरं हाय," त्या म्हणाल्या, आणि मग डोळे पुसत दुसऱ्याच कुणाशी तरी त्या पोरीबद्दल बोलायला लागल्या, ती शिकून परत येईल का, आईला विसरेल का, म्हणून. घरी पोचेपर्यंत रिक्षात गाण्याचा विषय निघाला नाही.

घरी आल्यावर आईने चहा ठेवला. मी ओट्यापाशी उभी होते. रडायचं नाही असं ठरवलं होतं.

"तुला माहीत होतं, गाणं नाही ते?" तिने विचारलं.

"हो. तेच सांगायला आले होते."

"आणि ते दुसरं?"

"ते नव्हतं माहीत."

आई साखर घालत होती. ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "ऑपरेशन झाल्यापासून तू चार वेळा राहायला आलीस. रोज पहाटे रियाज केलास. मी खोलीत पडून ऐकायचे. चांगला व्हायचा. पण दिवसभर घर गप्प असायचं. भाजी निवडताना, केस विंचरताना, कपडे वाळत घालताना, कधीच तुझा आवाज नाही. आधी तू कधी गप्प असायचीस? मी निरूला एकदा फोनवर म्हटलं होतं, शैला गाते, पण गुणगुणत नाही गं."

"मला नाही म्हणालीस."

"तुला म्हटलं असतं तर तू मुद्दाम गुणगुणली असतीस." तिने कप माझ्यापुढे सरकवला. "आज थिएटरात मला वाटलं, सुरू झाली बाई परत. आणि मीच चिमटा काढला. फार वाईट वाटलं मला."

तेव्हा मात्र मी रडले. आईने रडू दिलं.

पुढे निरूचं नाव झालं. तो सिनेमा थिएटरात फार चालला नाही, पण महोत्सवांमध्ये हिंडला, आणि दोन वर्षांत तिने कॉलेज सोडलं. आज तिचे वीसेक सिनेमे झालेत. बाहेरच्या देशांतून लोक तिला बोलवायला येतात. आहेरसाहेब अजून तिला म्हणतात, एकदा तरी भरपूर वाजव गं, माझ्यासाठी. माझं ते गाणंही रेडिओवर राहिलं काही काळ, त्याच्यामुळे मला थोडे कार्यक्रम मिळाले, मग तेही ओसरले. मी गाणं शिकवायला लागले आणि त्यात रमले. पण हे सगळं नंतरचं.

त्या दिवशी चहा झाल्यावर मी आईच्या फोनवरून निरूला फोन लावला. मी अकोल्याला गेल्याचं तिला मुकुंदकडून कळलेलं असणार, कारण पहिल्याच घंटीला तिने उचलला.

"आई फार चिडली का?" तिने विचारलं.

"तू आधी सांग, ते कधी घेतलंस?"

"एसी बंद होता तेव्हा. सगळे चहाला गेले होते. मी काचेमागे होते, रेकॉर्डिस्टला जाताना म्हटलं होतं, चालू राहू दे. तू सुईने काहीतरी विणत होतीस आणि..."

"चोरटी."

"हो."

"मला का नाही सांगितलंस? त्याच दिवशी सांगायचं होतंस."

"सांगितलं असतं तर तू म्हणाली असतीस, थांब, नीट गाऊन देते."

मला हसू आलं, कारण मी अगदी तेच म्हणाले असते. तिलाही कळलं मी हसले ते. ती पहिल्यांदा मोकळेपणाने बोलायला लागली.

"ताई, गाण्यात तू इतकी सुंदर होतीस की मला भीती वाटत होती. प्रत्येक सुराला तू सगळ्यांना सांगत होतीस, बघा, मी बरी झाले. आणि मग सुई घेऊन बसलीस, आणि मला ऐकू आलं, की तू खरंच बरी झालीस. मी तिथे काचेमागे रडत बसले होते. मग तुझा तो शेवटचा टेक झाला, सगळे टाळ्या वाजवत होते, आणि मला काही बोलताच येईना. नुसतं छान झालं म्हणाले."

आई बाहेरून विचारत होती, जेवायला काय करू.

"अजून रागावली आहेस?" निरूने विचारलं.

"थोडी."

"पुढचा सिनेमा विचारलाय मला. खांबेट्यांच्याच मित्राचा. तुझं काम निघेल त्यात."

"शब्द आहेत?"

"नाहीत."

"किती वेळाचं?"

"अर्धं मिनिट. कदाचित त्याहून कमी."

मी फोनची वायर बोटाला गुंडाळत उभी होते.

"मग तालमीला कधी येऊ?" मी विचारलं.